गिरिदुर्ग, मोर्चे आणि सुरुंग: मराठ्यांच्या किल्ल्यांच्या वेढ्यांबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

गडकोटांवर फिरणाऱ्यांना आणि इतिहास वाचणाऱ्यांना पुन्हा पुन्हा पडणारे प्रश्न इथे एकत्र केले आहेत. काळ साधारण १६६० ते १८१८. एक गोष्ट आधीच सांगितलेली बरी: कुठलाही किल्ला शत्रूला कायमचा अडवत नाही, तो त्याला खोळंबून ठेवतो. तेवढ्या अवधीत बाहेरून कुमक येते, पाऊस लागतो किंवा तह होतो. हे ध्यानात ठेवलं की खालची बरीच उत्तरं सोपी होतात.

वेढा घालणं म्हणजे किल्ल्याभोवती फौजेचं कडं करणं का?

सपाटीवरच्या भुईकोटाला तसं कडं करता येतं. डोंगरी किल्ल्याच्या पायथ्याचा घेर सहज दहा-बारा किलोमीटर भरतो आणि मध्ये ओढे, कडे, रान असतं. तिथे सलग कडं करायला कुठल्याच सरदाराकडे माणसं पुरत नसत. म्हणून आधी वाटा धरायच्या: खिंडी, घाटवाटा, सोंडा, पाणवठे. प्रत्येकावर चौकी बसवायची आणि रात्री चौक्यांमधून छबिना, म्हणजे फिरता पहारा, फिरवायचा. मग आसपासचा मुलूख उजाड करायचा, म्हणजे गडावर दाणा चढत नाही. मिर्झाराजे जयसिंगांनी १६६५ मध्ये पुरंदरला वेढा घालताच फौजेच्या टोळ्या आसपासची गावं जाळायला पाठवल्या, त्या याचसाठी.

त्यानंतर मोर्चे, म्हणजे तटाकडे पुढे पुढे नेलेले खंदक आणि आडोसे. तटाकडे सरळ खंदक खणत गेलं तर वरून मारा थेट खंदकाच्या लांबीत येतो, म्हणून तो नागमोडी खणायचा आणि काढलेली माती गडाच्या बाजूला टाकायची. खडकाळ उतारावर खणणं जमत नाही. तिथे दगडांच्या राशी, मातीची पोती आणि लाकडी आडोसे पुढे सरकवत जावं लागतं. तोफा टप्प्यात आल्या की तट फोडायचा, किंवा बुरुजाखाली सुरुंग न्यायचा. खिंडार पडलं की सुलतानढवा, म्हणजे सगळ्या बाजूंनी एकदम चढाई. आणि पहिल्या दिवसापासून किल्लेदाराशी बोलणी चालूच.

वेढा घालणाराही उपाशी मरू शकतो, हे लोक विसरतात. एका घोड्याला दिवसाला दाणावैरण मिळून आठ-दहा किलो धरले, तरी दहा हजार घोड्यांना रोज ऐंशी ते शंभर टन लागतात. महिन्याभरात आसपासचा चारा संपतो आणि मग पंचवीस-तीस मैलांवरून आणावा लागतो. मराठ्यांच्या बाहेरच्या तुकड्या या वैरणीच्या काफिल्यांवरच तुटून पडत.

गड बांधताना सगळ्यांत आधी काय पाहत?

पाणी. रामचंद्रपंत अमात्यांच्या आज्ञापत्रात, म्हणजे मराठ्यांच्या राज्यकारभारावरच्या ग्रंथात, हे स्वच्छ लिहिलं आहे: आधी उदक पाहावं, मग किल्ला बांधावा. पाणी नसेल आणि जागा सोडताच येत नसेल, तर खडक फोडून टाकी खोदावीत. एखादा झरा आहे म्हणून निश्चिंत राहू नये, कारण झुंजीत तोफांच्या आवाजाने झरे आटतात आणि पाण्याचा खर्चही वाढतो, असं तिथे म्हटलं आहे. आवाजाने झरा आटतो का, यावर भूजलतज्ज्ञ वाद घालतील. पण एकाच स्रोतावर विसंबू नये, हा हिशेब पक्का आहे.

आकडे मांडून पाहा. गडावर ५०० माणसं, पिणं आणि रांधणं मिळून माणशी १० लिटर, म्हणजे रोज ५,००० लिटर. दिवाळीपासून मृगापर्यंत साडेसात-आठ महिने, म्हणजे २४० दिवस. एकूण १२ लाख लिटर. यासाठी २० मीटर लांब, १२ मीटर रुंद आणि ५ मीटर खोल एवढं एकच मोठं टाकं पुरतं, पण गळती, बाष्पीभवन आणि जनावरं धरून दुप्पट साठा हवा. पावसाची ददात नसते: एका हेक्टरवर एक मीटर पाऊस पडला तर एक कोटी लिटर होतात, आणि सह्याद्रीच्या माथ्यावर याच्या कितीतरी पट पडतो. खरी अडचण साठवण्याची. बसाल्टमध्ये दोन लाव्हाथरांच्या मधला सांधा फुटका असेल तर टाकं होळीपर्यंत कोरडं पडतं. म्हणून एकच तलाव करण्यापेक्षा पाच-दहा वेगळी टाकी खोदत. एक गळलं, नासलं किंवा त्यात मेलेलं जनावर पडलं, तरी बाकीची वाचतात. खांबटाक्यांवर खडकाचंच छत असतं, त्यामुळे ऊन लागत नाही आणि पाणी शेवटपर्यंत टिकतं.

आणि धान्य?

माणशी रोज पाऊण किलो धरलं तर ५०० माणसांना सहा महिन्यांना सुमारे ६७ टन. पन्हाळ्याच्या अंबरखान्यातल्या तीन कोठारांची (गंगा, यमुना, सरस्वती) जाडजूड बांधणी बघितली की या प्रश्नाला किती महत्त्व होतं ते कळतं. धान्याचे शत्रू तीन: ओल, कीड आणि कागदावरच भरलेलं कोठार. तिसऱ्यावर उपाय म्हणून शिवकाळात गडावर हवालदार, सबनीस आणि कारखानीस असे वेगवेगळे अधिकारी असत. एकाच्या हातात किल्ली, दुसऱ्याकडे हजेरी आणि जमाखर्च, तिसऱ्याकडे कोठाराचा हिशेब. एकटा कोणी गड विकू शकत नसे.

साठा तपासला नाही की काय होतं, याचं जुनं उदाहरण देवगिरीचं. १२९६ मध्ये अल्लाउद्दीनाच्या हल्ल्यात घाईघाईने किल्ल्यात नेलेल्या पोत्यांत धान्याऐवजी मीठ निघालं, असं इतिहासकार फरिश्ता सांगतो. कडे शाबूत, खंदक शाबूत, तरी तह करावा लागला.

जळण हा विषय कोणी काढत नाही. धान्य आहे पण सरपण नाही, अशी पाळी लांबलेल्या वेढ्यात येतेच. आज्ञापत्रात गडावर आणि गडाच्या घेऱ्यात झाडं राखायला सांगितलं आहे, त्यामागे हेही कारण आहे.

महादरवाजा पायथ्याहून दिसत का नाही?

दिसला की त्यावर तोफ लावता येते. म्हणून दरवाजाच्या अंगावर दोन बुरूज असे ओढून घेतात की वाट त्यांच्या मधून वळसा घेऊनच आत जाते. यालाच गोमुखी बांधणी म्हणतात. रायगडाचा महादरवाजा हे सगळ्यांना ठाऊक असलेलं उदाहरण. वळणाचे फायदे तीन. सरळ तोफ डागता येत नाही. हत्तीला किंवा ओंडका घेऊन धावणाऱ्यांना दरवाजावर आदळायला लागणारी धाव मिळत नाही. आणि वळणात शिरलेली तुकडी दोन्ही बुरुजांच्या माऱ्यात सापडते, तीही पाठीमागून.

दरवाजातून आत गेल्यावर दोन्ही बाजूंच्या भिंतीत समोरासमोर चौकोनी भोकं दिसतील. ती अडसराची. जाड लाकडी वासा एका भोकात पूर्ण आत सरकवून ठेवलेला असतो; दार लावलं की तो बाहेर ओढून समोरच्या भोकात घालायचा. एका बाजूचं भोक खोल आणि दुसऱ्या बाजूचं उथळ का, याचं उत्तर हेच. गडावर गेलात तर हात घालून बघा, खोल बाजूला अख्खा हात आत जातो.

जंग्या, चर्या, फांजी: फरक काय?

तटाच्या माथ्यावरची पाकळ्यांसारखी ओळ म्हणजे चर्या. तिच्या आड माणूस उभा राहतो. भिंतीतली बारीक भोकं म्हणजे जंग्या, बंदुकीसाठी. तटावरून चालायची वाट म्हणजे फांजी. जंगी आतून रुंद आणि बाहेरून अरुंद असते, शिवाय तळ उतरता असतो. एकाच ठिकाणी तीन जंग्या शेजारी दिसल्या तर प्रत्येकीत डोळा लावून पाहा: एक सरळ दूर, एक वाटेवर आणि एक थेट तटाच्या पायाशी बघते. तटाला लगटून उभ्या राहिलेल्या शत्रूला वरून मारता येत नाही. ती मेलेली जागा झाकण्यासाठी ही तिसरी जंगी.

राजगडाच्या संजीवनी माचीला दोन तट का?

त्याला चिलखती बांधणी म्हणतात. मुख्य तटाबाहेर काही फुटांवर दुसरा तट, बुरुजाबाहेर दुसरा बुरूज. तोफेचा मार बाहेरची भिंत खाते. ती फुटून शत्रू आत आलाच तर तो अरुंद, खोल बोळात उतरतो. पुढे मुख्य तट, डोक्यावर शिबंदी (गडावरची फौज), आणि बाहेर पडायला खिंडाराशिवाय जागा नाही. आपल्या माणसांनी या बोळात उतरायचं ते दिंडीसारख्या बुटक्या दारांतून. तिथे एका वेळी एकच माणूस, तोही वाकून जातो, त्यामुळे ते दार एक जण सुद्धा राखू शकतो.

या बांधणीत एक खोट आहे. दोन भिंतींमधलं पावसाचं पाणी बाहेर गेलं नाही तर भराव फुगतो आणि तट आपसूक ढासळतो. म्हणून तळाशी पाणी जायला नाळी ठेवलेल्या असतात. आजच्या डागडुजीत या नाळी सिमेंटने बुजवल्या की दोन-चार पावसांत भिंतीला पोट येतं.

तोफांनी डोंगरी किल्ला का पडत नसे?

पडत असे, पण तोफ वर चढली तर. दोन-तीन टनांची तोफ घाटातून ओढायला बैलांच्या जोड्यांमागे जोड्या लागतात, रस्ता आधी बांधावा लागतो आणि शेवटच्या चढावर दोरखंड आणि माणसंच. पायथ्याहून डागावं तर नळी पुरेशी वर उचलता येत नाही, आणि गोळा तीन-चारशे मीटर चढून तटाला लागेपर्यंत त्याचा जोर संपलेला असतो.

म्हणून शेजारचा डोंगर महत्त्वाचा. पुरंदरला भैरवखिंडीने जोडलेला वज्रगड आहे. जयसिंगांबरोबरचा मोगल सरदार दिलेरखान याने मोठ्या कष्टाने तोफा चढवून आधी वज्रगडाचा बुरूज पाडला. १४ एप्रिल १६६५ ला वज्रगड पडला. तिथून पुरंदरची माची तोफेच्या सरळ टप्प्यात येते. मुरारबाजी देशपांडे याच झुंजीत पडले आणि जूनमध्ये तह झाला: २३ किल्ले गेले, १२ राहिले. तहानंतर पुरंदर रिकामा झाला तेव्हा ७,००० माणसं बाहेर पडली, त्यांत लढणारे ४,००० होते. म्हणजे शिबंदी मोडलेली नव्हती. जागा मोडली होती. मार्च १८१८ मध्ये हेच पुन्हा घडलं: वज्रगड इंग्रजांच्या हाती जाताच दुसऱ्या दिवशी पुरंदरने निशाण उतरवलं.

आज्ञापत्र यावर सांगतं की गडाजवळ दुसरा डोंगर असू नये; असलाच तर सुरुंग लावून गडाच्या आहारी आणावा, आणि तेही शक्य नसेल तर तो बांधून काढावा. वज्रगड बांधलेला होताच. बांधलं म्हणजे राखलं गेलं असं होत नाही.

दमदमा म्हणजे काय?

तटाच्या उंचीला भिडणारा, लाकूड-मातीचा तात्पुरता बुरूज. त्यावर हलक्या तोफा आणि बंदूकवाले चढवायचे, म्हणजे वरून फांजी झोडपता येते. पुरंदरच्या वेढ्यात मोगलांनी असा लाकडी दमदमा उभारला. तो मोडायला गडावरून बंदुकीच्या दारूचे बुधले, पेटतं तेल आणि मोठाले धोंडे टाकले जात होते. दमदम्याला भरपूर लाकूड लागतं, तो आगीला कच्चा असतो, आणि गडावरची एखादी चांगली तोफ जिवंत असेल तर पुरा होण्याआधीच कोसळतो. म्हणून आधी गडावरच्या तोफा गप्प करायच्या, मग दमदमा उभारायचा. हा क्रम चुकला की लाकूड आणि माणसं, दोन्ही फुकट.

सुरुंग नेमका कसा लावत, आणि तो उलटत का असे?

मोर्चा तटाच्या जवळ आला की तिथून आडवं भुयार खणायला घ्यायचं: उंची माणूस वाकून मावेल एवढी, मातीत असेल तर दर हात-दोन हातांवर लाकडी टेकू. काढलेली माती रात्रीच हलवायची, नाहीतर ढिगाऱ्यावरून गडाला सुगावा लागतो. बुरुजाच्या पायाखाली पोचलं की भुयार काटकोनात वळवून कोठी खणायची. वळण महत्त्वाचं, कारण सरळ भुयारातून स्फोट तोफेच्या नळीसारखा मागे येतो. कोठीत दारूची पोती रचायची, खाली आणि भोवती ओल लागू नये म्हणून लाकडाचं किंवा चामड्याचं अस्तर. मग बत्ती बाहेर काढून भुयार दगडमातीने गच्च ठासायचं.

ठासणी कमी पडली तर दारूचा जोर भुयारातूनच निघून जातो आणि बुरूज नुसता हादरतो. दारूचं मापही अवघड: कोठीवरचा थर दुप्पट जाड झाला तर दारू दुप्पट करून भागत नाही, साधारण आठपट लागते. आणि स्फोट नेहमी सगळ्यांत कमी जाडीच्या बाजूने फुटतो. कोठी तटाच्या बाहेरच्या अंगाला राहिली तर भिंत बाहेर पडते, म्हणजे चढाईसाठी दबा धरून बसलेल्या आपल्याच माणसांवर.

साताऱ्याला अगदी हेच झालं. डिसेंबर १६९९ पासून औरंगजेब अजिंक्यताऱ्याला बसला होता. तरबियतखानाने खडकात सुरुंग खणले. १३ एप्रिल १७०० ला पहिला सुरुंग उडाला आणि तट आतल्या बाजूला कोसळला. गडावरची माणसं गाडली गेली. किल्लेदार प्रयागजी प्रभू ढिगाऱ्यातून जिवंत निघाले. थोड्या वेळाने दुसरा उडाला आणि सगळा कडा बाहेर, चढाईच्या फौजेवर आला. सुमारे २,००० मोगल सैनिक मेले. एवढं होऊनही गड आठवडाभरात तहाने गेला, कारण मार्चमध्ये राजाराम महाराज वारले होते आणि कुमक येण्याची आशा मावळली होती. सुरुंगाने जे झालं नाही ते त्या बातमीने केलं.

मातीतल्या भुईकोटाला मात्र सुरुंग हमखास लागू पडतो. चाकणचा संग्रामदुर्ग फिरंगोजी नरसाळ्यांनी शाइस्ताखानाविरुद्ध २१ जून १६६० पासून लढवला. जवळजवळ दोन महिन्यांनी, १४ ऑगस्टला, बुरुजाखालचा सुरुंग उडाला. मोगल खिंडारातून आत घुसले तेव्हा पुढे मातीचा नवा बांध तयार होता, आणि त्याआड शिबंदी. ती रात्र लढण्यात गेली, दुसऱ्या दिवशी गड तहाने दिला. खिंडार पडणार असं दिसलं की त्यामागे अर्धगोल बांध घालून ठेवणं हा यावरचा सगळ्यांत चांगला उतारा. दुसरा उतारा ऐकण्याचा: जमिनीवर पाण्याने भरलेलं पितळी भांडं ठेवायचं, खाली कुदळ चालू असेल तर पाण्यावर तरंग उठतात. दिशा कळली की आतून उलटा सुरुंग खणून शत्रूच्या भुयारात पाणी किंवा धूर सोडायचा.

रामसेजच्या लाकडी तोफा खऱ्या का?

मोगल इतिहासकार खाफीखानाने लिहून ठेवलं आहे: गडावर लोखंडी तोफा नव्हत्या, म्हणून किल्लेदाराने ओंडके पोखरून त्यांवर चामडं गुंडाळून तोफा केल्या आणि एकेक दहा तोफांचं काम करी. दहाचा आकडा सोडून द्या. पण पोखरलेलं कठीण लाकूड ओल्या चामड्याने आवळलं तर थोडी दारू आणि दगडगोटे घालून काही बार नक्की काढता येतात. जवळच्या उतारावर चढणाऱ्यांना तेवढे पुरेत. पुढच्या बारांना नळी फुटते. ती फुटली की दुसरा ओंडका.

१६८२ मध्ये मोगल सरदार शहाबुद्दीनखान इथे बसला, मोर्चे आणले, दमदमा उभारला, आणि हात हलवत परतला. त्याच्यानंतर आलेल्या बहादूरखानाने तर शंभर तोळ्यांचा सोन्याचा नाग घेऊन एका मांत्रिकाला पुढे चालवलं. गडावरून आलेल्या गोफणीच्या धोंड्याने तो प्रयोग तिथेच संपला, असंही खाफीखानच सांगतो. नाशिकजवळचा हा गड उंचीने मामुली आहे. एकदा बघून या, म्हणजे लढवणाऱ्यांचं कौतुक वाटेल.

घोरपडीला दोर बांधून कडा चढता येतो का?

नाही. पोवाड्यातली यशवंती पोवाड्यात शोभते. काही किलोंचं जनावर माणसाचं वजन पेलत नाही. ४ फेब्रुवारी १६७० च्या रात्री तानाजी मालुसरे आणि त्यांचे मावळे सिंहगडाच्या कड्यानेच चढले; त्यासाठी आधी दोन-चार पटाईत गडी हातापायांच्या बळावर वर जातात, दोर बांधतात, मग बाकीचे चढतात. ही पद्धत अजूनही तशीच आहे. ६ मार्च १६७३ ला कोंडाजी फर्जंदांनी अवघ्या ६० माणसांनिशी पन्हाळा घेतला, तोही रात्री चढून. अशा छाप्याला लागतं ते गडाची आतली माहिती, काळोख आणि पहाऱ्याची वेळ. सहा महिन्यांचा वेढा जे करत नाही ते एक झोपलेली चौकी करते.

पावसाळ्यात वेढा उठवावाच लागे का?

घाटमाथ्यावर बहुधा हो. दारू सादळते, तोड्याची (पेटत्या वातीने उडवायची) बंदूक पेटत नाही, मोर्चे पाण्याने भरतात, ओढ्यांना पूर येऊन रसद तुटते, आणि उंट तर कोकणी चिखलात उभाच राहू शकत नाही. खेळण्याचा (विशाळगडाचा) वेढा डिसेंबर १७०१ ते जून १७०२ असा चालला आणि गड हाती आल्यावर बादशाही फौज पन्हाळ्याकडे परत फिरली. सुमारे ३० मैलांच्या त्या वाटेला महिन्याहून जास्त लागला. जनावरं, तंबू, माणसं वाहून गेली ती त्या परतीत.

पण चाकणला आणि १६६० च्या पन्हाळ्याला वेढे भर पावसात टिकले. चाकण पर्जन्यछायेत आहे, आणि पन्हाळ्याचं पठार मोठं असून पायथ्याची वस्ती जवळ. पाऊस गडावरच्यांनाही सोडत नाही, हेही खरं. आज्ञापत्रात दर आठ-पंधरा दिवसांनी दारू, बाण, होके (दारू भरलेले फेकायचे गोळे) बाहेर काढून ऊन देऊन पुन्हा मोहोरबंद करायला सांगितलं आहे, आणि दारूखाना घरांपासून लांब ठेवायला. धुक्यातल्या गडावर जुलैत ऊन कुठून आणायचं, हे मात्र हवालदाराने बघायचं.

जंजिरा शेवटपर्यंत का पडला नाही?

तट थेट समुद्रातून उठतो, त्यामुळे शिडी टेकवायला जमीनच नाही. होडीवर उभी केलेली शिडी लाटेबरोबर हलते. दरवाजा अगदी जवळ जाईपर्यंत दिसत नाही, आत गोड्या पाण्याचे तलाव आहेत, आणि तोफांच्या रांगा पाण्याच्या पातळीपासून वरपर्यंत. पण खरं कारण रसद. सिद्दीचं आरमार मोगलांच्या आश्रयाने मुंबई आणि सुरतेकडे मोकळं फिरत होतं. जमिनीच्या बाजूने कितीही आवळलं तरी समुद्राची बाजू उघडीच. शिवाजी महाराजांनी शेजारी पद्मदुर्ग बांधला तो ही बाजू बंद करायला. संभाजी महाराजांनी १६८२ मध्ये किनाऱ्यावरून दगड टाकत सेतू बांधायला घेतला. कल्पना बरोबर होती, पण मोगल फौज कोकणात उतरली आणि माणसं तिकडे हलवावी लागली.

मग वसई कशी पडली?

आधी बाहेरून सोलून काढल्यामुळे. १७३७ मध्ये पोर्तुगीजांच्या या किल्ल्यावर शिड्या लावून केलेले हल्ले फसले होते. वसईचे बुरूज बाणाच्या टोकासारखे कोनाकार आहेत. एका बुरुजाच्या तोफा शेजारच्या बुरुजाचा पाया झाडतात, त्यामुळे आपल्या गोल बुरुजांपुढे राहते तशी मेलेली जागा उरत नाही. चिमाजी अप्पांनी मग माहीम, तारापूर वगैरे ठाणी घेत वसई एकटी पाडली. किल्ल्याच्या बाकी बाजूंना समुद्र, खाडी आणि दलदल. काम फक्त उत्तरेच्या जमिनीकडून करता येत होतं. रेताड, पाणथळ जमिनीत मोर्चे आणि सुरुंग नेत मराठे तटाखाली पोचले. मे १७३९ मध्ये सुरुंग उडवले, पण सगळे एका वेळी उडाले नाहीत: एक मागाहून उडाला तेव्हा आपलीच माणसं खिंडारात चढत होती. तरी रेटा सोडला नाही, आणि १६ मेला पोर्तुगीजांनी तह केला. सुरुंग एकापेक्षा जास्त असतील तर शेवटचा उडाल्याशिवाय निशाण हलवायचं नाही, हा धडा साताऱ्याला मोगलांनी आणि वसईला आपण, दोघांनी रक्त देऊन घेतला.

किती किल्ले खरोखर लढून पडले?

वाटतात त्यापेक्षा कमी. १६९९ ते १७०४ या मोहिमेत औरंगजेबाने सातारा, परळी, पन्हाळा, खेळणा, सिंहगड, राजगड, तोरणा असे गड घेतले. त्यांतला तोरणाच काय तो पैसे न मोजता, मार्च १७०४ मध्ये रात्री चढून घेतला. खेळण्यासाठी दोन लाख रुपये मोजले. हे वाचून फितुरी म्हणून नाक मुरडण्याआधी हिशेब बघा: शिबंदी जिवंत आणि हत्यारांसह बाहेर पडली, शत्रूचा हंगाम वाया गेला, वर पैसे मिळाले. पुढच्या दोन-तीन वर्षांत यांतले बरेच गड मराठ्यांनी परत घेतले. जिंजी १६९० पासून १६९८ पर्यंत लढली आणि ती पडायच्या आत राजाराम महाराज निसटले होते. आठ वर्षांत मोगलांना जे हवं होतं ते मिळालं नाही, फक्त दगड मिळाले.

एका गडावरून दुसऱ्या गडावर जाणारं भुयार होतं का?

नव्हतं. बसाल्टमध्ये मैलोन्‌मैल भुयार खणायचं तर हवा आणि निचरा दोन्ही जमत नाहीत. जे आहे ते चोरदिंड्या: तटातली बुटकी, झाडीत लपलेली दारं, वेढ्यात जासूद आणि कुमक सोडण्यासाठी. दौलताबादेची अंधारी खरी आहे, पण ती एकाच किल्ल्याची आतली चढती वाट आहे.

१८१८ मध्ये किल्ले इतक्या पटापट कसे गेले?

उखळी तोफांमुळे, हे अर्धं उत्तर. उखळी तोफ गोळा उंच फेकते, तो तटावरून आत पडून फुटतो. तट मग कितीही जाड असो. सिंहगडावर २० फेब्रुवारी ते २ मार्च या काळात १,४१७ फुटणारे आणि २,२८१ भरीव गोळे टाकले गेले. ११०० जणांच्या शिबंदीने गड दिला. रायगडावर पोटल्याच्या डोंगरावरून मारा झाला, राजवाडा पेटला आणि १० मे रोजी गड गेला.

उरलेलं अर्धं उत्तर असं की बाहेर फौजच राहिली नव्हती. पेशवा पळत होता, कोणाच्या वाटेला डोळे लावायचे हे किल्लेदारांना कळत नव्हतं. त्र्यंबकगड एप्रिलमध्ये पडताच नाशिक भागातले डझनभराहून जास्त किल्ले जवळपास न लढता रिकामे झाले.

गंमत म्हणजे सगळ्यांत जास्त त्रास दिला तो मालेगावच्या भुईकोटाने. नारोशंकर राजेबहाद्दरांनी बांधलेला हा किल्ला, आत अरबांची शिबंदी. मेच्या मध्यापासून जूनच्या मध्यापर्यंत वेढा चालला. २९ मेचा हल्ला साफ फसला, आणि वेढ्यात एकूण इंग्रजांचे दोनशेहून जास्त लोक कामी आले किंवा जायबंदी झाले. शेवटी उखळी तोफेचा गोळा दारूकोठारावर पडला आणि तटाचा तुकडा उडून खंदकात गेला. अरबांना कुमकेची आशा नव्हती, पण शरण गेल्यावर आपलं काय होईल याची खात्रीही नव्हती. म्हणून लढले.

अनेक गडांच्या पायऱ्या मधेच तुटलेल्या का असतात?

१८१८ नंतर इंग्रजांनी मुद्दाम उडवल्या. नाशिक-खानदेश भागात हे काम कॅप्टन ब्रिग्ज याच्याकडे होतं. पूर्ण किल्ला पाडायला वेळ आणि दारू फार लागते. कोरीव जिन्याच्या पंधरा-वीस पायऱ्या आणि टाक्यांच्या कडा उडवल्या की गड निकामी होतो. अलंग आणि मदनला आज दोर लागतो तो यामुळे. हरिहरचा जिना वाचला, म्हणून तिथे रविवारी रांग लागते.

वेढ्याच्या खुणा आज कुठे दिसतात?

पुरंदर लष्कराच्या ताब्यात आहे. ओळखपत्र लागतं आणि वज्रगडावर सहसा सोडत नाहीत, पण माचीवर उभं राहिलं की वज्रगड किती अंगावर येतो ते दिसतं. अजिंक्यताऱ्याचा तट फिरताना बांधकामाचा पोत बदलतो तिथे थांबा: मोठ्या घडीव चिऱ्यांमध्येच लहान, ओबडधोबड दगड आले की ती बहुधा मागाहूनची डागडुजी. चाकणचा खंदक आणि तटाचे तुकडे गावात घरांच्या मधोमध आहेत. मालेगावच्या किल्ल्यात शाळा भरते. वसईच्या चर्चमधल्या घंटा महाराष्ट्रभर देवळांत गेल्या; नाशिकच्या नारोशंकर मंदिरातली सहज बघता येते, तिच्यावर १७२१ साल आहे.

युनेस्कोच्या यादीत कोणते किल्ले आहेत?

जुलै २०२५ मध्ये बारा किल्ले आले: साल्हेर, शिवनेरी, लोहगड, खांदेरी, रायगड, राजगड, प्रतापगड, सुवर्णदुर्ग, पन्हाळा, विजयदुर्ग, सिंधुदुर्ग आणि तमिळनाडूतली जिंजी. वर ज्यांच्या वेढ्यांबद्दल सगळ्यांत जास्त लिहिलं, त्यांपैकी पुरंदर, सातारा, चाकण, रामसेज आणि मालेगाव या यादीत नाहीत.